नऊ बोटांची गाठ

खुर्ची उलटी करून पाहायची सवय कुणालाच नसते. माणूस येतो, बसतो, उठतो, चालू लागतो. वरची जाळी मधाच्या पोळ्यासारखी एकसारखी उतरली आहे की नाही, एवढं पाहणारेही शंभरात दोन. पण खाली, चौकटीच्या पोटाला, जिथे वेताच्या पट्ट्यांची टोकं बांधलेली असतात, तिथे नजर टाकतो तो फक्त खुर्ची विणणारा. आणि त्या गावात खुर्ची विणणारा एकच होता. त्यामुळे त्या बाजूने त्याला धास्ती नव्हती. बाकी सगळ्या बाजूंनी होती.

लोक त्याला खुर्चीवाला म्हणत. आला तेव्हा त्याने एक नाव सांगितलं होतं, पण ते कुणी वापरलं नाही आणि त्याच्याही अंगाला ते लागलं नाही. एकदा दवाखान्यात त्या नावाने पुकारा झाला, तर हा आपला भिंतीकडे बघत बसून राहिला. शेजारच्या बाईने कोपराने ढोसलं, "अहो, तुम्हीच ना ते?" तेव्हा दचकून उठला. परत येताना वाटभर ते नाव त्याने स्वतःशी घोकलं, पहिलीतलं पोर पाढे घोकतं तसं.

दुकान म्हणजे एक खोली. पुढे फळ्यांचं दार, दाराशी पत्र्याचं मोठं घमेलं, घमेल्यात पाणी आणि पाण्यात भिजत पडलेल्या वेताच्या पट्ट्या. वेत ओला असेल तोवरच हाताचं ऐकतो. सुकला की तडकतो, आणि पाण्यात फार राहिला तर काळा पडतो. त्यामुळे या धंद्यात घाई चालत नाही आणि आळसही चालत नाही. घमेल्याशेजारी एका डब्यात लाकडाच्या बारीक खुंट्या, भोकं पाडायला एक आर, एक वाकडी सुरी. बसायला घडी घातलेलं पोतं. एवढ्या लोकांच्या बुडाची सोय त्याने केली, पण स्वतः तो कधी खुर्चीवर बसला नाही. कुणी विचारलं तर म्हणायचा, "खाली बरं पडतं. कंबर धरत नाही." मागच्या अंगाला एक खाट, एक स्टोव्ह. खाटेखाली एक पिशवी, तिच्यात दोन सदरे, एक पंचा आणि एक जास्तीची सुरी. ती पिशवी गावात आल्यापासूनच्या अकरा वर्षांत उघडली गेली नव्हती, आणि खाटेखालून हललीही नव्हती.

शेजारी सायकल दुरुस्तीचं दुकान होतं. सायकलवाला जिभेने सैल माणूस. त्याने याचं नाव घुमेशेठ ठेवलं होतं.

"काय घुमेशेठ, आज तोंडाला पंक्चर आहे का कुलूप?"

"काम आहे."

"बघा, दोन शब्द बोलले! आज चांगला दिवस दिसतोय." मग तो हातातल्या गिऱ्हाइकाच्या चाकाला फिरकी देत म्हणायचा, "हा माणूस वर्षाला जेवढं बोलतो ना, तेवढं माझी बायको मला उठवताना बोलते."

खुर्चीवाला खाली मान घालून पट्टी ओढत राहायचा. हसू यायचं नाही, रागही यायचा नाही. पहिल्या काही वर्षांत त्याला दोन्ही यायचं आणि दोन्ही तो गिळायचा. गिळता गिळता एक दिवस गिळायला काही उरलंच नाही. बधिर झालेल्या पायावर माणूस उभा राहतो तेव्हा पाय असतो, पण आपला वाटत नाही. त्याचे दिवस तसे झाले होते.

गल्लीच्या टोकाला एक म्हातारी राहायची. मुलींच्या शाळेतल्या मोठ्या बाईंची ती आई. तिला जगातले सगळे एकटे पुरुष म्हणजे आपल्यावर सोपवलेलं काम वाटे. पहिल्याच वर्षी तिने विचारलं होतं, "लग्न नाही केलंस रे?" याच्या तोंडून निघून गेलं, "झालं होतं. गेली ती." म्हातारी हळहळली. पुढच्या खेपेला तिने विचारलं, काय झालं होतं बिचारीला? मग त्याला आजार द्यावा लागला. त्याने ताप दिला. किती दिवस? अकरा दिवस. मूलबाळ? नाही. असं करत करत त्याची एक बायको तयार झाली आणि मेलीही. गल्लीतली माणसं त्याच्याशी जरा मऊ बोलू लागली. सायकलवाल्याची बायको कधीमधी भाजी पाठवू लागली. न झालेल्या बायकोच्या मरणावर त्याने अकरा वर्षं लोकांची माया खाल्ली, आणि ती घशाखाली उतरतही होती. याचं त्याला एकेकाळी नवल वाटे.

आणखी एक माणूस यायचा. हवालदार. दर तीन-चार महिन्यांनी चौकीवरून चालत यायचा, दाराशी उभा राहायचा आणि टोपी काढून डोकं खाजवायचा.

"अरे बाबा, आमच्या खुर्च्या कधी बघणार? तीन खुर्च्यांच्या विहिरी झाल्यात. परवा साहेब बसले ते गुडघे कपाळाला लागेपर्यंत खाली गेले. आम्ही दोघांनी ओढून काढलं."

"सवड नाही, साहेब."

"मागच्या वर्षीही नव्हती. आमच्या खुर्च्यांना काय काटे आहेत का?"

"चौकट ढिली असते सरकारी खुर्चीची. वीण टिकत नाही."

"मग ती ढिलीच विण. आम्ही तरी कुठे घट्ट आहोत!" हवालदार स्वतःच्या पोटावर हात मारून हसायचा आणि निघून जायचा.

तो गेला की खुर्चीवाला पाण्यात हात घालून बसायचा. हात थरथरतात म्हणून नव्हे. पूर्वी थरथरायचे, तेव्हाची ती सवय होती.

*

एकोणीस वर्षांपूर्वी, दोन नद्या ओलांडून पलीकडे, एका गावात खुर्चीवाल्याचं घर होतं. घर म्हणजे तेही वेतकामाचं दुकानच. बाबांनी ते उभं केलं. बाबांच्या उजव्या हाताचं अंगठ्याशेजारचं पहिलं बोट बाराव्या वर्षीच वेत सोलताना गेलं होतं. दुसरे कारागीर टोक बांधतात ते शेजारच्याच टाक्याभोवती दोन वेढे घालून, उजव्या हाताच्या चिमटीत धरून खेचतात. बाबांना ती चिमूट नव्हती. मग त्यांनी आपली तोड काढली. दोन टाके सोडायचे, तिसऱ्याखालून डाव्या बाजूने टोक घालायचं आणि मधल्या बोटाने त्यातूनच मागे ओढायचं. गाठ पक्की बसायची, पण दिसायला उलटी. बाजारातले लोक हसायचे, नऊ बोटांची गाठ म्हणायचे.

पोरांनी बाबांच्या हाताकडे बघत काम उचललं. मोठी मुलगी आणि तिच्या पाठीवर सात वर्षांनी झालेला मुलगा. दोघांना दहा-दहा बोटं. पण गाठ दोघांची नऊ बोटांचीच. उजव्या हाताचं पहिलं बोट गाठ मारताना आपसूक बाजूला उभं राहायचं, जणू ते नाहीच. मुलीचं लग्न झालं तोही याच कामातला माणूस, शांत, उंच. तो सासऱ्याच्याच दुकानात येऊन बसला. धाकटा त्याला दाजी म्हणे. दाजीने मात्र आपली जुनी गाठ सोडली नाही. "तुमच्या घरात सगळे उलटे," म्हणायचा, आणि ताई त्याला ओल्या पट्टीने मारायची.

बाबा गेले आणि दोन वर्षांनी गावात एक मोठा कारखाना आला. वेताच्या व्यापाऱ्याने सगळा माल कारखान्याला द्यायचं कबूल केलं. लहान दुकानांना काडी मिळेना. त्यांचं घमेलं दोन महिने कोरडं पडलं. धाकटा तेव्हा चोवीस वर्षांचा, डोकं गरम. म्हणाला, "व्यापाऱ्याच्या गोदामात वेताचे भारे पडलेत नुसते. दोन उचलून आणू." दाजी नको म्हणाला. धाकटा ऐकेना. तेव्हा तो एकटा जाऊ नये म्हणून दाजी बरोबर गेला. एवढाच त्याचा गुन्हा.

सुट्टीचा दिवस, भर दुपार. राखणदार म्हातारा स्टुलावर पेंगत होता. स्टूल बाबांनी विणलेलं. दोघे मागच्या दाराने शिरले, एकेक भारा खांद्यावर घेतला आणि निघाले. तेवढ्यात मागून धाकट्याची कॉलर कुणीतरी धरली. भारा पडला. त्याने मान वळवली. म्हाताऱ्याने त्याचा चेहरा पाहिला आणि म्हणाला,

"अरे, तू होय!"

म्हाताऱ्याला हायसं वाटलं होतं. चोर नाही, ओळखीचं पोर आहे. कॉलरवरची पकड सैलसुद्धा झाली होती. तो नुसता वळून चालू लागला असता तरी म्हातारा त्याला चार शिव्या घालून पुन्हा स्टुलावर जाऊन बसला असता. पण ते शब्द कानावर पडले, ओळख पटली, आणि त्याच क्षणी धाकट्याने दोन्ही हातांनी त्याला ढकललं. म्हातारा वजनकाट्याच्या दगडी कठड्यावर पडला.

दाजी खाली बसला. म्हाताऱ्याचं डोकं मांडीवर घेतलं. वर पाहून म्हणाला, "तू पळ. मी याला पाणी पाजतो, मग येतो."

धाकटा पळाला. दाजी पाणी पाजत होता तेव्हा लोक आले.

चार दिवसांनी, लांबच्या एका स्टेशनात, कुणीतरी टाकून दिलेल्या वर्तमानपत्रात त्याने वाचलं. राखणदार मेला. एकाला रक्ताच्या कपड्यांनिशी पकडलं. त्याने एकट्यानेच केल्याचं कबूल केलं. दुसरं नाव कुठेच नव्हतं. पुढे वर्षभर तो रोज वर्तमानपत्रात आपलं नाव शोधायचा. ते आलं नाही. येणार नाही हे कळलं तेव्हा त्याने वर्तमानपत्र सोडलं. दाढी वाढवली, भांग बदलला, बोलण्याची ढब बदलली. काम करताना शीळ घालायची सवय होती, ती सोडली. तीन गावं बदलून तो चौथ्या गावात आला आणि राहिला. गाठ तेवढी बदलली नाही. ती त्याच्या ध्यानातच आली नाही. आणि आलीही असती, तरी खुर्चीच्या पोटाखाली कोण पाहतंय?

*

मोठ्या बाईंची बदली झाली होती. लांब, दोन नद्या ओलांडून पलीकडे. जाताना त्यांनी आपली आवडती खुर्ची बरोबर नेली होती. तिची बैठक खुर्चीवाल्याने विणलेली. ती एवढ्या लांब गेलीय, हे त्याला ठाऊक नव्हतं. सुट्टीत बाई आईकडे आल्या, आणि एका सकाळी ती खुर्ची घेऊन त्याच्या दाराशी उभ्या राहिल्या.

"खुर्चीवाले, एक गंमत ऐका. आमच्याकडे तपासणीला एक साहेब आले. माणूस नव्हे, धान्याचं पोतं. बसले तेच आरपार. तिथे बाजारात एक बाई वेतकाम करतात, त्यांच्याकडे खुर्ची टाकली. त्यांनी ती उलटी केली आणि इतका वेळ बघत राहिल्या, मला वाटलं चक्करच आली."

खुर्चीवाल्याने हातातली पट्टी घमेल्यात सोडली.

"म्हणाल्या, ही कुणी विणली? मी तुमची तारीफ केली. किती वर्षांपासून आहेत, दाढी आहे का, शीळ घालतात का, नाही नाही ते विचारलं. मी म्हटलं, शीळ? अहो, तो माणूस शिंकतसुद्धा नाही! मग महिनाभर खुर्ची ठेवून घेतली आणि परत दिली ती ही अशी."

त्यांनी खुर्ची पुढे सरकवली. नवी वीण होती, पण तीनच फेऱ्यांची. उभी, आडवी, पुन्हा उभी. मधल्या भोकांत खुंट्या तशाच ठोकलेल्या. पुढच्या तीन फेऱ्या नव्हत्याच.

"म्हणाल्या, ज्याने आधी विणली त्यानेच पुरी करावी. आता बोला! जरा डोक्याने हललेल्या असाव्यात. पण चेहऱ्यावरून वाटत नाही. पुरी करून द्याल? मी पंधरा दिवस आहे इथे."

"करतो," तो म्हणाला.

बाई गेल्यावर त्याने खुर्ची उलटी केली. एका ओळीत चार गाठी. दोन टाके सोडून तिसऱ्याखालून, डावीकडून, मागे ओढलेल्या. इतक्या जवळजवळ चार गाठींची तिथे काही गरज नव्हती. हाक चारदा मारावी तशा त्या मारल्या होत्या.

त्याने खुर्ची भिंतीशी ठेवली. चौकटीवर फडकं टाकलं. पट्ट्या नव्याने भिजत घातल्या. मग खाटेखालची पिशवी काढून खांद्याला लावली, फळ्या बंद केल्या आणि बस स्टँडवर गेला.

तिथे तो कठड्यावर बसला. पहिली बस आली आणि गेली. दुसरी आली. कंडक्टर त्याच्याकडे बघून म्हणाला, "येताय का नुसतं वारं खाताय?" त्याने पिशवी मांडीवर ओढून घेतली. ताईने पोलिसांना सांगितलं असेल का, याचा तो विचार करू पाहत होता. ती रडली असेल का, दाजी जिवंत असेल का. विचार यायचे आणि काचेवरून पाणी ओघळावं तसे निघून जायचे, मागे ओल न ठेवता. तिसरी बस लागली तेव्हा त्याला एकच गोष्ट लख्ख आठवली: पट्ट्या पाण्यात आहेत. संध्याकाळपर्यंत पडल्या तर काळ्या होतील. तो उठला आणि परत आला. त्यासाठीच आला, दुसऱ्या कशासाठी नाही.

आठ दिवसांनी त्याने ती खुर्ची घेतली. ताईच्या तीन फेऱ्यांवर ओलं फडकं ठेवून त्या नरम केल्या आणि आपल्या तीन फेऱ्या त्यांतून विणल्या. दोघांचा ताण सारखाच होता. कुठली पट्टी कुणाची, वरून ओळखू येईना. शेवटी टोकं बांधायची वेळ आली. तेव्हा तो थांबला. दुसऱ्या एका जुन्या खुर्चीखाली पाहून त्याने सगळे मारतात ती गाठ तपासली. शेजारच्या टाक्याभोवती दोन वेढे, उजवीकडून चिमटीत. हात ऐकेना. पहिलं बोट उभंच राहायचं. त्याने ते दुसऱ्या हाताने वाकवून धरलं. दोन पट्ट्या तोडल्या, तिसरी जमली. मग सगळी टोकं त्याने तशीच बांधली, चारचौघांसारखी.

ताई पाहील आणि समजेल, हा तो नव्हे. दुसराच कुणी. बरं झालं.

बाई खुर्ची घेऊन गेल्या. तो पोत्यावर बसला आणि पुढच्या कामाला लागला. सुटल्यासारखं वाटेल अशी त्याने वाट पाहिली. तसं काही वाटलं नाही.

*

खाली बसणाऱ्याला माणसं आधी पायांवरून कळतात. महिना उलटला होता. तो एका आरामखुर्चीची पाठ विणत होता, तेव्हा दाराशी दोन पाय येऊन थांबले. धुळीने भरलेल्या चपला, डाव्या पायाचा अंगठा किंचित आत वळलेला. लहानपणी घमेलं पडून तो वळला होता. घमेलं यानेच पाडलं होतं.

त्याने मान वर केली नाही.

"पट्टी फार वेळ पडलीय पाण्यात," वरून आवाज आला. "काळी पडेल."

"काढणारच होतो."

सायकलवाला हातातला पान्हा ठेवून पुढे आला. "पाहुणे, घुमेशेठ?"

"मी याची मोठी बहीण," ताई म्हणाली.

"बहीण? यांना बहीण आहे? आम्हाला वाटलं हे वेतासारखे रानात उगवले!" मग त्याचा आवाज एकदम खाली आला. "ताई, वहिनींचं ऐकून फार वाईट वाटलं होतं हो. अकरा दिवस नुसता ताप म्हणजे..."

ताईने भावाकडे पाहिलं. एक श्वास जावा इतकाच वेळ. मग म्हणाली, "हो. फार वाईट झालं तिचं."

सायकलवाला मान हलवत गेला. ताई आत आली, आरामखुर्चीच्या पलीकडे जमिनीवर बसली. केस पिकले होते. हाताच्या शिरा बाबांसारख्या वर आल्या होत्या. ती रडली नाही. खुर्चीच्या चौकटीतून, विणीच्या भोकांतून तिचा चेहरा तुकड्यातुकड्यांनी दिसत होता.

"गाठ का बदललीस?" तिने विचारलं.

त्याने पट्टी पुढच्या भोकात घातली.

"पहिली पाहिली तेव्हा मला खात्री नव्हती रे, धाकट्या. वाटलं, बाबांकडे कधीकाळी शिकून गेलेला कुणी असेल. म्हणून अर्धी विणून पाठवली. दुसरा कुणी असता तर त्याने आपली नेहमीची गाठ मारली असती आणि विसरून गेला असता. गाठ बदलायची गरज एकालाच होती."

त्याने पट्टी भोकातून वर काढली. पलीकडून तिने ती न सांगता धरली, ताणली, शेजारच्या भोकातून परत दिली. पाठ विणायला दोन बाजूंना दोन माणसं असली की काम पळतं. घरी ते असंच करायचे.

"दाजी?"

"चौदा वर्षं आत होता. येऊन पाच झाली. आता छातीचं दुखणं आहे. डॉक्टर म्हणाले, फार दिवस नाहीत."

पट्टी गेली, पट्टी आली.

"त्याने पाठवलं तुला?"

"त्याला माहीतसुद्धा नाही. तो म्हणतो, व्हायचं ते झालं, पोरगा कुठेतरी बरा असेल." ताईने पट्टी खेचली ती जरा जास्तच. "त्या राखणदाराची मुलगी आमच्याच रस्त्याला राहते. ती समोरून आली की हा बाजूला होतो, भिंतीला पाठ लावतो आणि खाली मान घालून उभा राहतो, ती जाईपर्यंत. ज्याने तिच्या बापाच्या तोंडात पाणी घातलं, तो माझा माणूस. रोज. मी खिडकीतून बघते. एकदा, फक्त एकदा त्याने मान वर करून तिच्याशी बोलावं आणि मग मरावं. माझं एवढंच मागणं आहे. तुला ओढून न्यायला मी आले नाही. पोलिसांकडेही गेले नाही. जायचं असतं तर गेल्या महिन्यातच गेले असते."

"म्हातारा मला ओळखून होता," तो म्हणाला. एकोणीस वर्षांत हे त्याने पहिल्यांदा तोंडाने काढलं. "त्याने सोडलं होतं मला, ताई. हात सैल झाला होता त्याचा. मग ढकललं मी."

ताईचा हात थांबला. हे तिलाही माहीत नव्हतं. दाजीने एवढं कधी सांगितलं नव्हतं.

मग ती म्हणाली, "पट्टी सुकतेय."

दोघांनी पुन्हा काम धरलं. त्याने आत चाचपून पाहिलं, काही हललं का. जिथे दुखायला हवं ती जागा सापडली, पण तिथेही तसंच होतं, दात काढल्यावर गाल बधिर असतो तसं. पण हात चालत होते. तेवढ्यावर माणूस पुष्कळ लांब जाऊ शकतो.

दुपार कलली तेव्हा पाठ पुरी झाली. शेवटचं टोक त्याच्या हातात होतं. तो तिच्याकडे पाहत राहिला.

"मार आपली," ती म्हणाली.

दोन टाके सोडून, तिसऱ्याखालून. पहिलं बोट आपसूक उभं राहिलं. ताई त्या बोटाकडे बघत होती.

त्याने घमेल्यातलं पाणी रस्त्यावर ओतलं. उरलेल्या पट्ट्या झटकून दोरीवर टाकल्या. किल्ली सायकलवाल्याच्या हातात दिली. "आरामखुर्चीवाले येतील. देऊन टाका. जागा मालकाला परत करा."

"म्हणजे? कुठे निघालात? कधी येणार?"

"आणि एक. बायको नव्हती मला. तुमच्या घरी वहिनींना सांगा. भाजी चांगली असायची."

सायकलवाला किल्ली धरून तसाच उभा राहिला. 

ताई स्टँडच्या दिशेने वळली. तो दुसरीकडे वळला.

"बस तिकडे आहे," ती म्हणाली.

"इथलीच चौकी बरी. गावापर्यंत बस आहे, आणि बसला वाटेत थांबे आहेत. उतरता येतं."

तिला समजलं. ती त्याच्याबरोबर चालू लागली. पिशवी खाटेखालीच राहिली होती.

चौकीत हवालदार टेबलाशी बसून शेंगा फोडत होता. दारातली सावली पाहून त्याने डोळे बारीक केले आणि मग त्याचा चेहरा उजळला.

"अरे, तू होय!"

खुर्चीवाल्याचे दोन्ही हात छातीपर्यंत वर आले. कुणाला कळलं नसतं, पण ताईला कळलं. तिने काही केलं नाही. हात तिथेच थोडा वेळ राहिले, मग एकेक करून खाली आले.

"आलास शेवटी! ये, ये. त्या बघ तिन्ही, भिंतीशी. पहिल्यांदा साहेबांची कर, नाहीतर पुन्हा ओढून काढावं लागेल." हवालदाराने शेंगा बाजूला सारल्या. "या बाई कोण?"

"बहीण माझी. खुर्च्यांचं नंतर, साहेब. आधी लिहून घ्या."

"काय लिहून घेऊ?"

त्याने भिंतीशी असलेल्या तीन खुर्च्यांतली एक ओढली. बैठक लोंबत होती, मधोमध हात जाईल एवढं भोक. तो तिच्यावर बसला. बैठक आणखी खचली आणि तो खाली गेला, गुडघे वर आले. तशाच अवघड बसणीत त्याने हवालदाराकडे पाहिलं.

"पहिलं माझं नाव," तो म्हणाला, आणि बाबांनी ठेवलेलं नाव त्याने सांगितलं. ते सांगताना त्याला एकदाही घोकावं लागलं नाही.